अंडरग्राऊंड पंक क्लबला मराठीत काय म्हणायचं? (भूमिगत सोडून सांगा)

तलावपाळी
एका दिवाळी अंकासाठी अनुवाद करतोय, न्यूयॉर्क-लंडनच्या पंक (म्हणजे बंडखोर रॉक संगीत) क्लबांवरचा लेख आहे, आणि दुसऱ्याच पानावर गाडी अडली. अंडरग्राऊंड क्लबला मी सरळ "भूमिगत क्लब" लिहून मोकळा झालो तर संपादकबाईंनी समासात लिहून पाठवलं, "हे लोक पोलिसांपासून लपले होते का?" आता लपले तर अजिबात नव्हते. न्यूयॉर्कचं सीबीजीबी बावरी नावाच्या रस्त्यावर चक्क बोर्ड लावून होतं, हिली क्रिस्टल नावाच्या माणसाने १९७३ च्या डिसेंबरात काढलं, नावाचा फुलफॉर्म कंट्री, ब्लूग्रास अँड ब्लूज, म्हणजे पंक त्याच्या डोक्यातसुद्धा नव्हतं, ७४ मध्ये टेलिव्हिजन आणि रामोन्स हे बँड वाजवायला आले आणि मग ते पंकचं काशी-पंढरपूर झालं. आणि ते होतं रस्त्याच्या लेव्हललाच, खाली बिली काही नाही. उलट लंडनचा १०० क्लब, ऑक्सफर्ड स्ट्रीटवरचा, तो खरोखर तळघरात, जिना उतरून जायचं. लेखक महाशय एकाच वाक्यात दोघांनाही अंडरग्राऊंड म्हणतात आणि वर त्याच्यावर कोटी करतात. काय करू? आणि "लोकल सीन" चं पण सांगा, मशीनने मला "स्थानिक दृश्य" दिलंय.

अप्पा_नौपाडा
भूमिगत हा उत्तम शब्द आहे, बदलू नका. १९४२ साली अच्युतराव पटवर्धन, अरुणा असफअली भूमिगत होते, उषा मेहतांचा काँग्रेस रेडिओ मुंबईतच जागा बदलत बदलत चालला. ठसठशीत अर्थाचा शब्द घरात असताना अंडरग्राऊंड कशाला मागून आणायचा?

कोपरीची_वर्षा
अप्पा तेच तर दुखणं आहे ना. भूमिगत म्हटलं की ४२ नाहीतर आणीबाणी, तिसरं काही डोळ्यासमोर येतच नाही. माणूस भूमिगत होतो, फार तर केबल भूमिगत असते. दुकान थाटून, बाहेर तिकीट लावून बसलेला माणूस भूमिगत कसा? मी प्रूफं तपासते, माझ्याकडे आलं असतं तर मी पण प्रश्नचिन्हच टाकलं असतं.

निळा_सिग्नल
ठाणे-बोरिवली बोगदा होऊ दे, त्यात क्लब काढा, मग भूमिगत बरोब्बर बसेल

रबाळे_रिफ
मी कॉलेजात असताना ड्रम वाजवायचो, रबाळे-ऐरोली पट्ट्यातला बँड, त्यामुळे थोडं बोलतो. अंडरग्राऊंडमध्ये लपायचा काही संबंध नाही, ज्याला बाजार विचारत नाही ते अंडरग्राऊंड, म्हणजे रेडिओ लावत नाही, कंपनी रेकॉर्ड काढत नाही, हॉलवाला तारीख देत नाही, मग जी पडेल ती जागा घ्यायची आणि वाजवायचं. लंडनला रॉक्सी म्हणून क्लब होता कोव्हेंट गार्डनला, १९७६ च्या डिसेंबरात सुरू झाला आणि ज्यांनी काढला त्यांच्या हातात पुढच्या एप्रिलपर्यंतच राहिला, तिथे डॉन लेट्स रेकॉर्ड लावायला होता आणि तो मधल्या वेळात रेगे, म्हणजे जमैकाचं संगीत, लावायचा, कारण पंकच्या रेकॉर्डी तेव्हा निघाल्याच नव्हत्या फारशा. त्या रेगेचा पंकवर केवढा परिणाम झाला बघा, क्लॅश हा बँड ऐका. आणि हे सगळं का झालं तर लावायला माल नव्हता म्हणून. आता याला भूमिगत म्हणा नाहीतर तळघरी, ती हवा येणारच नाही त्यात. आम्ही कधी मराठीत बोलतानासुद्धा दुसरा शब्द वापरला नाही. अंडरग्राऊंड बँड, अंडरग्राऊंड शो, संपलं.

अप्पा_नौपाडा
"आम्ही वापरला नाही" हा काही युक्तिवाद नव्हे. चित्रपट, दिग्दर्शक, महापौर, दिनांक हे शब्दही सावरकरांनी दिले तेव्हा लोक हसले असतील. आज तुम्हीच दिग्दर्शक म्हणता ना? बाय द वे पंक या शब्दाकडे कुणाचं लक्ष गेलं का? पंक म्हणजे चिखल. पंकात जन्मतं ते पंकज. समाजाच्या चिखलातून उगवलेलं संगीत, म्हणजे आपल्याकडे हा शब्द आधीच होता.

कोपरीची_वर्षा
"बाय द वे" अप्पा? 😄
आणि तो निव्वळ योगायोग हो. इंग्रजीतला पंक शेक्सपिअरच्या काळात वेश्येला म्हणायचे, अमेरिकेत सडक्या लाकडाला म्हणायचे, नंतर उनाड टपोरी पोराला. ७५ मध्ये न्यूयॉर्कात काही पोरांनी पंक याच नावाचं मासिक काढलं आणि त्या सगळ्या बँडांना ते नाव चिकटलं. चिखलाशी काही देणंघेणं नाही. पण मजा अशी की मराठी वाचकाला "पंक क्लब" वाचताना चिखल दिसणारच, ज्याने शाळेत संस्कृत घेतलंय त्याला तर नक्कीच.

निळा_सिग्नल
आमच्याकडे पंक म्हणजे फक्त पंक कट. केस उभे करून आलो तर बाबांनी तसाच उलट पावली सलूनमध्ये पाठवला होता

तलावपाळी
पंक पंकच ठेवणार आहे, त्यावर वाद नको. अंडरग्राऊंड बोला. आणि क्लबचं पण आहे, क्लब म्हटलं की आपल्याकडे रमीचा क्लब नाहीतर जिमखाना. लेखात बर्कलीचं ९२४ गिलमन स्ट्रीट पण आहे, १९८६ च्या ३१ डिसेंबरला सुरू झालं, तिथे दारू नाही, मारामारी नाही, वर्णद्वेष चालणार नाही असे नियम लिहूनच ठेवलेले, सगळी कामं स्वयंसेवक करतात, मेंबर व्हायचं, मीटिंगला मत द्यायचं. मोठ्या कंपनीशी करार केला की त्या बँडला तिथे वाजवायला बंदी, ग्रीन डे बँडवाले तिथलेच, त्यांनाही हा नियम लागला. याला क्लब म्हणवत नाही राव.

रबाळे_रिफ
९२४ गिलमन सार्वजनिक पंक मंडळ (रजि.)
हसू नका, वर्गणी, कार्यकर्ते, नियमांचा बोर्ड, मीटिंगला भांडणं, मंडळच आहे ते. फक्त आरती नाही.

घणसोलीकर
एवढे मोठे लोक बोलताना मधे तोंड घालतो. गिगला काय म्हणता तुम्ही? आमचे गावात बेंजो पार्टीवाले, ऑर्केस्ट्रावाले सुपारी बोलतात. "या रविवारी दोन सुपाऱ्या हायत" म्हणजे दोन ठिकाणी वाजवायचं. तमाशाचे फडवाले पण सुपारीच घेतात. तुमच्या त्या पंकवाल्यांची पण सुपारीच झाली की.

तलावपाळी
अरे वा, हे भारी आहे. कारण लेखात गिग शंभरदा आलंय आणि मी "कार्यक्रम कार्यक्रम" लिहून कंटाळलो. पण आता गिग म्हटलं की पेपरवाले गिग कामगार लिहितात ना, म्हणजे आपली डिलिव्हरीची पोरं.

कोपरीची_वर्षा
तो गिग पण वाजवणाऱ्यांकडूनच आलाय. जॅझवाले एका रात्रीच्या बोलावण्याला गिग म्हणायचे, १९२० च्या आसपासपासून. एका रात्रीचं काम, उद्याचा भरवसा नाही, त्यावरून पुढे सगळ्याच सुट्या कामाला गिग. म्हणजे सुपारी-कामगार म्हणायला हरकत नाही 🙂

अप्पा_नौपाडा
सुपारी म्हटलं की वाचक पहिल्यांदा खुनाचीच समजणार. "रामोन्सने सीबीजीबीची सुपारी घेतली" हे वाक्य छापून दाखवा. मैफल म्हणा, जलसा म्हणा.

कोपरीची_वर्षा
मैफल अरबी, जलसा अरबी, तमाशाही तिकडूनच फारसीतून आलेला. परके शब्द नकोत म्हणता ना तुम्ही?

अप्पा_नौपाडा
त्यांना शेकडो वर्षं इथलं पाणी लागलंय. सत्यशोधकांचे जलसे झाले, आंबेडकरी जलसे झाले, तो शब्द आता आपला नाही तर कुणाचा. मी शब्द कुठून आला ते विचारत नाहीये, तो इथे काही जगला का ते विचारतोय.

रबाळे_रिफ
मग अंडरग्राऊंड पण जगला की अप्पा. मुंबईत १९८६ पासून रंगभवनला आयरॉक हा रॉक बँडांचा महोत्सव व्हायचा, धोबी तलावला, उघड्यावर, आम्ही हार्बरने जायचो आणि शेवटची पनवेल पकडायला शेवटच्या बँडच्या मधूनच उठून पळायचो. मग रंगभवन शांतता क्षेत्रात आलं, हॉस्पिटल-कॉलेज-कोर्टापासून १०० मीटरचा नियम, आणि बंद. (बघा, शांतता क्षेत्र हा सरकारी शब्द मात्र आम्ही लगेच शिकलो, झक मारत.) त्यानंतर सगळं बांद्रा-अंधेरी-परळकडे सरकलं, ब्लू फ्रॉग वगैरे २००७ ला आलं ते भारी होतं पण ते क्लब, तिथला खर्च आमच्या खिशाला झेपायचा नाही. अंडरग्राऊंड म्हणजे आमच्यासाठी कुणाच्यातरी गाळ्यातलं जॅमपॅड (सरावाची खोली), भिंतीला चिकटवलेल्या जुन्या गाद्या, आणि दहा वाजता सोसायटीचा सेक्रेटरी. ठाणे-नवी मुंबईचा असा सीन कधी उभाच राहिला नाही हे माझं स्पष्ट मत आहे, पोरं इथली, बँड इथले, पण वाजवायला खाडी ओलांडून जायचं. आता नेरुळच्या डी. वाय. पाटीलला यूटू येतात, कोल्डप्ले येतात, स्टेडियमभर लोक, आणि दोनशे माणसं मावतील असा एक हॉल मिळेल तर शपथ.

निळा_सिग्नल
गडकरी रंगायतनला तारीख मागा ना. "संगीत पंक"

अप्पा_नौपाडा
गडकरीला धांगडधिंगा नको.

कोपरीची_वर्षा
अप्पा, नाटकाच्या ऑर्गनला पण कुणीतरी धांगडधिंगा म्हटलंच असेल हो.
बरं मी एक सुचवते. आपल्याकडे अंडरग्राऊंड हे सगळं एकदा होऊन गेलंय, संगीतात नाही, साहित्यात. साठच्या दशकातली अनियतकालिकं. अशोक शहाणेंचं असो, राजा ढाले वगैरे मंडळींचं येरू. पैसे नाहीत, जाहिरात नाही, पुढचा अंक कधी ते माहीत नाही, प्रस्थापित मासिक छापत नाही तर आम्हीच काढतो. ६९ ला सत्यकथा या प्रस्थापित मासिकाची होळी केली. आणि लंडनच्या मार्क पेरीने १९७६ च्या जुलैत स्निफिन ग्लू नावाचं पंकचं फॅनझीन (चाहत्यांनीच काढलेलं मासिक) काढलं ते हेच, टाइप करायचं, मथळे मार्करने हाताने लिहायचे, झेरॉक्स काढायच्या आणि वाटायच्या. फॅनझीनला मी तरी डोळे मिटून अनियतकालिक लिहीन. मग त्याच धर्तीवर क्लबलाही काहीतरी, "अनियत" म्हणा, "बिनसरकारी" म्हणा.

तलावपाळी
फॅनझीन = अनियतकालिक, हे घेतलं. वर्षाताई थँक्यू. अनियत क्लब मात्र नको, रोज रात्री उघडा असायचा तो, अनियत कसला.

अप्पा_नौपाडा
त्या चळवळीबद्दल बोलताना लोक लिटल मॅगझिनच म्हणायचे. लघुअनियतकालिक हा लेख लिहिणाऱ्यांचा शब्द.

रबाळे_रिफ
म्हणजे एवढी बंडखोर मराठी माणसं पण लिटल मॅगझिन म्हणायची!! तुम्हीच माझी बाजू मांडली अप्पा.

अप्पा_नौपाडा
मी वस्तुस्थिती सांगितली. समर्थन केलेलं नाही.

निळा_सिग्नल
मुंबईत भयानक मौत नावाचा मेटल बँड आहे, गाणी इंग्रजीत. अप्पांच्या हिशोबाने भयंकर मृत्यू करायला पाहिजे

रबाळे_रिफ
भयंकर मृत्यू हे पंचनाम्यात शोभेल

घणसोलीकर
लोकल सीन राहिला की तुमचा. लोकल म्युझिक म्हणजे आमच्यासाठी सकाळच्या फास्टमधलं भजनी मंडळ. टाळ वाजतात, एकाची जागा ठरलेली, नवीन माणूस आला तर त्याला सरकवून घेतात पण आवाज लावायला नाय देत लगेच, आधी नुसतं टाळ धर बोलतात.

तलावपाळी
हाहाहा, पण खरं सांगू का, सीनचा अर्थ हाच आहे. एक ठरलेली जागा, तीच तीच माणसं, कोण आधीपासूनचं कोण नवीन हे सगळ्यांना माहीत. सीबीजीबीत पण आज स्टेजवर असलेला माणूस उद्या खाली उभा राहून दुसऱ्याचं ऐकायचा. याला काय म्हणायचं? वर्तुळ? गोतावळा? कंपू?

कोपरीची_वर्षा
कंपू वाईट अर्थाने जातो. गोतावळा नातेवाइकांचा. वर्तुळ बरं, पण साहित्यिक वर्तुळ म्हटल्यासारखं थोडं आंबट लागतं.

निळा_सिग्नल
सीनच ठेवा. "त्यांचा सीन काय होता" असं लिहा, ठाण्यातला कुठलाही पोरगा समजेल

अप्पा_नौपाडा
घराणं का नको?

रबाळे_रिफ
घराण्यात गुरू लागतो अप्पा. इथे तीन कॉर्ड आल्या की स्टेजवर. नाही आल्या तरी स्टेजवर.

घणसोलीकर
आमच्याकडे हळदीला असंच असतं. आता डीजे लावतात, बेंजो असतो, पण आधी फक्त धवलारीण गायची, लग्नाची सगळी गाणी तिच्या तोंडपाठ, वहीबिही काय नाय. त्या गाण्यांना धवला बोलतात. त्याच्या रेकॉर्डी कुठल्या कंपनीने काढल्या? मग ते पण अंडरग्राऊंडच ना.

अप्पा_नौपाडा
थांबा थांबा. धवला? महदंबेचे धवळे माहीत आहेत का? तेराव्या शतकातले, लग्नातच गायचे, महानुभाव पंथातली महदंबा, मराठीतली आद्य कवयित्री मानतात तिला. म्हणजे सातशे वर्षांपूर्वीचा शब्द घणसोलीत अजून चालतोय आणि आपण इथे क्लबला शब्द शोधत बसलोय!

कोपरीची_वर्षा
आई गं, हे माझ्या लक्षातच आलं नव्हतं. धवळे म्हणजे लग्नगीत, बरोबर. घणसोलीकर, ळ चा ल होतो ना तुमच्याकडे?

घणसोलीकर
होतो ना. ळ आमच्या तोंडात बसत नाय. कोळी ला कोली बोलतो.

तलावपाळी
लोकहो. अंडरग्राऊंड. मजकूर शुक्रवारी द्यायचाय.

अप्पा_नौपाडा
देऊ हो शुक्रवारी. घणसोलीकर, त्यातल्या एखाद्या धवल्याच्या दोन ओळी मिळतील का? आणि त्यात कृष्ण-रुक्मिणी येतात का तेवढं बघा, महदंबेच्यात रुक्मिणीचं लग्न आहे.

घणसोलीकर
आजीला विचारून सांगतो. ती आता वाशीगावात हळदीला गेलीय, रात्री येईल.