भक्ती बर्वे : रंगमंचाच्या की पडद्याच्या?

वैनगंगाकाठ (धागाकर्ता) :
मंडईचे (दिवाळीनंतर आमच्याकडे भरणाऱ्या गावजत्रेतले) नाटक पाहून पहाटे घरी परतताना मित्राशी झालेला वाद येथे मांडतो. माझ्या मते भक्ती बर्वे यांची खरी कमाई रंगमंचावरची आहे. पु. ल. देशपांडे यांनी शॉच्या 'पिग्मॅलियन'वरून बेतलेले 'ती फुलराणी' १९७५ साली रंगभूमीवर आले आणि त्यातील फुले विकणारी मंजुळा भक्तीताईंना अशी चिकटली की, पुढे 'फुलराणी' हीच त्यांची ओळख झाली. चित्रपटाचे म्हणाल, तर 'जाने भी दो यारों' (१९८३) सोडून दुसरे नाव सामान्य प्रेक्षकाला चटकन आठवत नाही.

धानबांधी :
असहमत. कोणता रंगमंच, हे आधी सांगावे. मुंबई-पुण्याचे नाटक फार तर नागपूरपर्यंत यायचे आणि ते पाहून रात्री सिंदेवाहीकडे परतायला आम्हाला गाडी नसायची. आम्ही त्यांना पाहिले ते शेजारच्या वाड्यातल्या टीव्हीवर, 'जाने भी दो यारों'मधली शोभा सेन म्हणून. दोन फाटक्या छायाचित्रकारांना सत्याच्या शोधात पाठवणारी ही संपादिका, पुरावा हाती येताच बिल्डरकडूनच पैसे उकळायला निघते. आणि हे सारे इतक्या गोड आवाजात, की लबाडी उमगायला वेळ लागतो. फेब्रुवारी २००१ मध्ये मुंबई-पुणे द्रुतगती मार्गावरील अपघातात भक्तीताई गेल्या, त्यांच्याबरोबर त्यांची मंजुळाही गेली. शोभा आजही पाहता येते.

वैनगंगाकाठ :
मंजुळा गेली कशी? आमच्या शाळेच्या स्नेहसंमेलनात तिचे ते मास्तरावर उखडलेले स्वगत झाले नाही, असे वर्ष मला आठवत नाही. यंदा पुतणीने ओढणी कमरेला खोचून, टोपली मिळेना म्हणून घरचे सूप काखेत धरून ते केले. मोबाईलवर भक्तीताईंचे पाहून पाहून पाठ केले होते.

धानबांधी :
म्हणजे पडद्यावरच पाहिले ना! माझे म्हणणे तुम्हीच मान्य केलेत.

गुरुजींची लेक :
आपल्या दोघांच्या वादात भाषेचा मुद्दा सुटला आहे. मुलीची बोली 'सुधारण्या'ची पैज, हा या नाटकाचा पायाच आहे. आणि पुण्याच्या वसतिगृहात 'करून रायली' म्हटल्यावर ज्यांच्या तोंडाकडे पाहून मैत्रिणी हसल्या, त्यांना सुरुवातीचे विनोद तितकेसे गोड लागत नाहीत. भक्तीताईंचे मोठेपण मला स्वगतात दिसते : आधी जिच्या बोलण्यावर प्रेक्षक हसत होते, तिच्या संतापाच्या बाजूला त्या त्यांना ओढून नेतात. संहितेत शेवटी प्रतिष्ठा शुद्ध बोलणाऱ्या मंजुळेलाच मिळते, याला मात्र कोणत्याही नटीचा इलाज नाही.

वैनगंगाकाठ :
संहितेचा दोष आपण नटीच्या पदरात घातला नाहीत, एवढे पुरे. राहून गेलेली एक गोष्ट सांगतो. पुतणी तेच स्वगत घेऊन पुढे तालुक्याच्या स्पर्धेत गेली आणि तिथे तिने ते आपल्या झाडीबोलीत, म्हणजे पूर्व विदर्भातल्या आपल्या बोलीत केले. टाळ्या भरपूर पडल्या. परीक्षकांनी उच्चारशुद्धीचे गुण कापले.