'हुरहूर' की 'चुटपुट'?

अनुस्वार: एका बालकथेच्या अनुवादात अडकले आहे. वार्षिक परीक्षा संपली, उद्यापासून सुट्टी. नऊ वर्षांचा मुलगा उड्या मारत वर्गाबाहेर पडतो आणि दारातून परत फिरतो. त्याच्या बाकाला वर आलेला एक खिळा आहे, वर्षभर त्यात चड्डी अडकायची. तो खिळा बोटाने चाचपतो नि मग जातो. पुढच्या वाक्यात एकच शब्द हवाय. मी 'हुरहूर' लिहिलं, संपादक म्हणतात 'संमिश्र भावना' करा.

काना-मात्रा: संमिश्र प्रतिक्रिया अर्थसंकल्पावर उमटतात हो! पोराच्या पोटात नाही.

वेलांटी: पण हुरहूर जरा मोठ्या माणसांची वाटते, तिन्हीसांजेला लागणारी. मुलाला चुटपुट लागेल.

काना-मात्रा: छे. एका मार्काने पहिला नंबर हुकला, ती चुटपुट. बाईंना सांगायचं होतं ते राहून गेलं, ती रुखरुख. इथे काहीच हुकलेलं नाही. आणि तिन्ही शब्दांत आनंद कुठाय? मुलगा खूशही आहे ना?

जोडाक्षर: माझी मुलगी सरळ 'सेंटी झाले' म्हणते. चौथीचा वर्ग सुटला तेव्हा वहीची उरलेली कोरी पानं मोजत बसली होती. अकरा भरली. 'ही आता कुठल्या विषयाची?' म्हणाली. मला उत्तर सुचलं नाही.

वेलांटी: 'सेंटी' छापणार? मग अनुवाद कशाला करायचा?

जोडाक्षर: मुलं बोलतात ते छापायचं नाही, तर बालकथा कशाला म्हणायचं?

अनुस्वार: कोरी पानं मी चोरू का, ताई? पण मूळ कथेत नाहीत.

उकार: हुरहूर हा 'ऊर' वरून आला असणार. उरात होते ती.

काना-मात्रा: मग कुरकुर कुठून आली, कुरातून? हे सगळे नादाचे शब्द आहेत.

उकार: बरं, नादाचे. मग 'हुरहूर'चा दुसरा हू दीर्घ आणि 'कुरकुर'चा कु ऱ्हस्व का? १९६२ च्या शुद्धलेखन नियमांप्रमाणे अकारान्त मराठी शब्दाचा उपान्त्य, म्हणजे शेवटून दुसऱ्या अक्षराचा, इकार-उकार दीर्घ. म्हणजे 'रुखरूख', 'चुटपूट'.

वेलांटी: 'चुटपूट' वाचूनच मला चुटपुट लागली.

काना-मात्रा: बोलताना कोण दीर्घ करतं?

उकार: बोलताना कोण लिहितं?

अनुस्वार: मंडळी, सोमवारी मजकूर द्यायचाय. सध्या 'त्याला कसंतरीच झालं' एवढंच ठेवलंय. चालेल?

उकार: 'कुजबुज' राहिलाच की. तोही दीर्घ हवा.