पंथाला भ्रमाचा हिशेब द्यावा लागेल
तुम्ही रचत असलेल्या काल्पनिक जगात प्रत्येक अनुभव खरा मानणारा पंथ आहे. त्याला 'ज्याला जे दिसतं, ते त्याच्यापुरतं खरं' एवढंच सूत्र दिलंत, तर पहिल्याच वादात तो आडवा होईल. समोरच्याला हे सूत्रच खोटं दिसतं. मग तेही खरं! इथे जैनांचं 'स्यात्' ('एका दृष्टीने') कामाला येतं: विधान कोणत्या दृष्टीने केलंय, ते आधी सांगायचं.

खरी गोम भ्रमाची आहे. शिंपल्यात चांदी दिसली, उचलायला वाकलं तर हाती शिंपलाच. नैयायिकांच्या (न्यायदर्शन मानणाऱ्यांच्या) मते दुसरीकडे पाहिलेली चांदी इथे भासली. प्राभाकर मीमांसक (मीमांसा दर्शनातले प्रभाकराचे अनुयायी) म्हणतात, ज्ञान चुकलंच नाही. समोरचं दिसणं आणि चांदीची आठवण यांतला फरक तेवढा कळला नाही. अद्वैत वेदान्ती तर त्या भासलेल्या चांदीला सत्‌ही म्हणत नाहीत नि असत्‌ही. तुमच्या पंथाला प्राभाकरांची वाट सर्वांत सोयीची, फक्त फरक का कळत नाही (लोभ, अंधार, अंतर?) हे नक्की करा.