फक्त अळ्यांवर वाढलेला लेपर्ड गेको पोट घासत चालतो आहे. आहार कसा सुधारावा?

सांजवारा

नमस्कार. आम्ही न्यू जर्सीत राहतो. गेल्या ५ महिन्यांपासून आमच्याकडे एक लेपर्ड गेको आहे. मुलीने तिचे नाव ठिपकी ठेवले आहे. वय साधारण ७ महिने आणि वजन स्वयंपाकघरातल्या काट्यावर ३१ ग्रॅम भरले. मीलवर्म, म्हणजे कोंड्यात वाढणाऱ्या पिवळसर अळ्या, एवढ्यावर ही पाल व्यवस्थित जगते असे दुकानात सांगितले होते. त्यामुळे अळ्यांचा डबा फ्रिजच्या सर्वांत खालच्या कप्प्यात ठेवून आम्ही तिला रोज संध्याकाळी ८-१० अळ्या देत आलो. कॅल्शियमची पांढरी पूड पहिला महिनाभर लावली, पुढे मुलीची शाळा सुरू झाली आणि ते राहून गेले.

दोन आठवड्यांपासून तिच्या चालण्यात फरक पडला आहे. पूर्वी ती चारही पायांवर अंग उचलून चालायची; आता पोट खालच्या कागदावर घासत जाते आणि पुढचा उजवा पाय उचलताना थरथरतो. काल तिने अळीवर झडप घातली, अळी तोंडात आलीही, पण जबडा आवळला गेला नाही आणि अळी निसटून खाली पडली. असे तीनदा झाले. भूक मात्र अजून आहे, म्हणून आजारपण म्हणावे की नाही हे मला समजत नाही.

आमचे घर शाकाहारी आहे. अळ्यांची सासूबाईंना सवय झाली, पण उड्या मारणारे आणि रात्रभर किरकिरणारे रातकिडे घरात आणायला आमचे मन धजले नाही. त्यांच्याऐवजी फळे, भाज्या किंवा उकडलेले अंडे दिले तर चालेल का? आणि पूड पुन्हा रोज लावू लागलो, तर ती बरी होईल का?

पाणकणीस

सांजवारा ताई, आहाराचे नंतर पाहू. आधी तिला सरपटणाऱ्या प्राण्यांवर उपचार करणाऱ्या पशुवैद्यांकडे याच आठवड्यात, शक्य असेल तर उद्याच न्या. पोट घासणे, पायाची थरथर आणि जबड्यात जोर नसणे ही तिन्ही लक्षणे एकत्र दिसली की कॅल्शियमअभावी होणाऱ्या हाडांच्या आजाराचीच शंका प्रथम येते. या अवस्थेला पोहोचल्यावर घरच्या घरी पूड लावून भागत नाही. माझ्या पहिल्या गेकोच्या बाबतीत मी पूड वाढवून तीन आठवडे वाट पाहिली होती. तो जगला, पण त्याचा खालचा जबडा कायमचा वाकडा राहिला. ते तीन आठवडे मला आजही खुपतात, म्हणून इतक्या आग्रहाने लिहीत आहे.

आता कारण. मीलवर्ममध्ये प्रथिने आणि चरबी भरपूर असते, पण कॅल्शियम अगदी थोडे आणि फॉस्फरस त्याच्या कितीतरी पट असतो. पालीच्या आहारात हे प्रमाण उलटे, म्हणजे फॉस्फरसपेक्षा कॅल्शियम जास्त आणि शक्यतो दुपटीच्या जवळपास असावे लागते. रक्तातले कॅल्शियम कमी पडले की स्नायू आणि मज्जातंतू चालू ठेवण्यासाठी शरीर ते हाडांतून काढून घेते. वाढत्या वयात हाडांना मुळात जास्त कॅल्शियम हवे असताना त्यांच्यातूनच ते उपसले गेले की हाडे मऊ पडतात. प्राणी खात असतो, शेपटीही जाड दिसते, त्यामुळे घरच्यांना शंका येत नाही. शेपटीत साठते ती चरबी; हाडांची स्थिती तिच्यावरून कळत नाही.

रातकिड्यांतही हे प्रमाण बिघडलेलेच असते, त्यामुळे नुसता किडा बदलून उपयोग होत नाही. पूड कोणत्याही किड्याला लावावीच लागते. अपवाद ब्लॅक सोल्जर फ्लाय नावाच्या माशीच्या अळ्यांचा. त्यांच्या अंगात नैसर्गिकरीत्याच कॅल्शियम भरपूर असते, त्या उड्या मारत नाहीत आणि आवाजही करत नाहीत. तुमच्या घरातली अडचण पाहता यापुढचा मुख्य खुराक म्हणून मी याच अळ्या सुचवीन.

फळे, भाज्या आणि अंडे यांचा विचार मात्र पूर्णपणे सोडून द्या. लेपर्ड गेको अफगाणिस्तान, पाकिस्तान आणि वायव्य भारताच्या कोरड्या, खडकाळ मुलखातला प्राणी आहे. तो किडे खाऊनच जगतो आणि वनस्पतींचे अन्न त्याला मानवत नाही. घरातल्या भावनेचा मी मनापासून आदर करतो, पण पालीला तिचे नैसर्गिक अन्न नाकारणे हीदेखील हिंसाच ठरेल.

तिठा

मी पशुवैद्य आहे. तपासल्याशिवाय निदान करता येत नाही, पण वरचा सल्ला योग्य आहे. नेताना तिला लहान डब्यात मऊ कागदी टॉवेलवर ठेवा आणि हाताळणी शक्य तितकी कमी करा, कारण मऊ झालेली हाडे साध्या पकडीनेही मोडू शकतात. शेपटीला तर हात लावूच नका. जबरदस्तीने तोंड उघडून भरवू नका. पूड अजून असेल तर तिचा डबा सोबत न्या. तिच्यात ड जीवनसत्त्व आहे की नाही हे डॉक्टर विचारतील.

हे महत्त्वाचे यासाठी की ड-३ जीवनसत्त्वाशिवाय आतड्यातून कॅल्शियम नीट शोषले जात नाही. ते दोन मार्गांनी मिळते: पुडीतून, किंवा अतिनील-ब किरणांच्या दिव्याखाली प्राण्याच्या स्वतःच्या त्वचेत तयार होऊन. खिडकीच्या काचेतून येणाऱ्या उन्हाचा यासाठी उपयोग नाही, कारण हे किरण काच अडवते. पण म्हणून ड-३ असलेली पूड रोज सढळ हाताने लावणेही घातक आहे. हे जीवनसत्त्व चरबीत साठते आणि त्याचा अतिरेक झाला की कॅल्शियम मूत्रपिंडासारख्या मऊ अवयवांत जमू लागते. ड-३ नसलेली शुद्ध कॅल्शियमची पूड नेहमीच्या खाण्याला लावावी. ड-३ असलेली किती वेळा द्यायची, हे दिवा आहे की नाही यावरून तुमचे डॉक्टर ठरवतील.

शिवाय एक प्रश्न विचारतो. पेटीच्या उबदार भागात जमिनीचे तापमान किती आहे? हवेचे नाही, तिचे पोट जिथे टेकते त्या पृष्ठभागाचे. तिथे ३१ ते ३३ अंश सेल्सिअस ऊब मिळाली नाही, तर खाल्लेले नीट पचत नाही आणि सगळे करूनही गुण येत नाही.

सांजवारा

आपणा दोघांची मी फार ऋणी आहे. दुसऱ्याच दिवशी गेलो. क्ष-किरण छायाचित्रात हाडे फिकट दिसली आणि मागच्या एका पायाला जुना, आपोआप जुळलेला बारीक तडा निघाला. तो कधी गेला हे आम्हाला कळलेही नव्हते, याचे फार वाईट वाटते. तोंडाने द्यायचे कॅल्शियमचे औषध सुरू झाले आहे आणि दिवाही आणला आहे. तापमान मोजले तर पृष्ठभाग फक्त २६ अंश निघाला. हीट मॅटला थर्मोस्टॅट जोडून तो ३२ वर आणला.

डॉक्टरांनी किड्यांत विविधता ठेवायला सांगितली आहे, म्हणून अखेर रातकिडेही आणायचे ठरवले. सासूबाईंचे म्हणणे एवढेच आहे की जोवर ते घरात आहेत, तोवर त्यांना उपाशी ठेवायचे नाही. ते कसे ठेवावेत आणि काय खाऊ घालावे?

माळरान

तुमच्या सासूबाईंनी नेमके वर्मावर बोट ठेवले आहे. उपाशी रातकिडा म्हणजे रिकामे टरफल. त्याच्या पोटात जे असते तेच पालीच्या पोटात जाते. दुकानातून आणलेले किडे बहुधा उपाशीच असतात, म्हणून पालीला देण्याआधी त्यांना किमान २४ तास, जमल्यास ४८ तास चांगले खाऊ घाला.

झाकणाला बारीक जाळी लावलेला उंच, गुळगुळीत प्लॅस्टिकचा डबा घ्या आणि लपायला त्यात अंड्यांच्या पुठ्ठ्याचे तुकडे उभे ठेवा. पाण्याची उघडी वाटी ठेवू नका, किडे त्यात बुडून मरतात. गाजराच्या चकत्यांनी त्यांची तहान भागते. पाल्यात मोहरीची किंवा कोलार्डची पाने द्या. भारतीय दुकानात शेवग्याचा पाला मिळाला तर तो उत्तम, त्यात कॅल्शियम भरपूर असते. पालक टाळा, त्यातले ऑक्झॅलेट कॅल्शियमला बांधून ठेवते. याशिवाय किड्यांसाठी कॅल्शियमयुक्त तयार खाद्य मिळते, तेही ठेवा. मीलवर्म आता फ्रिजमध्ये असतील, तर त्याही देण्याच्या आदल्या दिवशी बाहेर काढून खाऊ घाला, कारण थंडीत त्या निपचित पडून राहतात आणि काहीच खात नाहीत.

पूड लावायची पद्धत अशी. मोजके किडे एका पिशवीत घ्या, चिमूटभर पूड टाका आणि भडंगाला तिखट-मीठ लावताना आपण डबा हलवतो तशी पिशवी हलक्या हाताने हलवा. भाकरीवर पिठाचा हात फिरवावा इतकाच पातळ थर दिसला पाहिजे. रातकिडे अंग साफ करून पूड झटकतात, म्हणून हे अगदी खायला देण्याच्या क्षणीच करा. किड्याची रुंदी पालीच्या दोन डोळ्यांमधल्या अंतरापेक्षा जास्त नसावी. ही पाल तिन्हीसांजेला जागी होते, तेव्हाच द्या आणि पंधरा-वीस मिनिटांत न खाल्लेले रातकिडे काढून घ्या. रात्रभर पेटीत राहिलेले किडे झोपलेल्या पालीला चावतात, आणि ठिपकी सध्या त्यांना चुकवू शकणार नाही.

वाढत्या वयात रोज किंवा एक दिवसाआड खाणे ठीक आहे. वर्षाची झाली की आठवड्यातून दोन-तीनदा पुरते. मेणकिड्यांच्या अळ्या कधीमधी एखादीच द्या. त्या निव्वळ चरबीच्या असतात आणि त्यांची चटक लागलेली पाल दुसरे काही खाईनाशी होते.

अंगणातले किडे मुळीच देऊ नका, त्यांच्यावर कीटकनाशक असू शकते. त्यातही काजवे. तुमच्याकडे जून-जुलैत संध्याकाळी हिरवळीवर काजवे चमकतात आणि मुले ते बरणीत धरतात. त्यांच्या अंगात हृदयावर आघात करणारे विष असते, आणि एकच काजवा खाऊन पाळीव सरडे दगावल्याचे पशुवैद्यकात नोंदलेले आहे. मुलीला हे आजच समजावून सांगा.

सांजवारा

तीन आठवडे झाले. वजन ३४ ग्रॅम आहे, थरथर थांबली आहे आणि काल तिने रातकिडा पहिल्याच झडपेत पकडून चावून खाल्ला. मुलगी अक्षरशः रडली. पोट अजून थोडे टेकते, पण डॉक्टर म्हणाले की त्याला काही महिने लागतील. आज सकाळी तिने कात टाकली आणि ती स्वतःच खाऊन टाकली. हे कमतरतेचे लक्षण आहे का?

तिठा

नाही, निरोगी गेकोही कात खातात. मात्र पायाच्या बोटांना कातीचे वळे अडकून राहिलेले नाही ना, हे भिंगातून पाहा. राहिले असेल तर ओढू नका. ओला कागदी टॉवेल ठेवलेल्या डब्यात तिला अर्धा तास बसवा आणि मग ओल्या कापसाने अलगद सोडवा.