मदत हवी आहे: तिता दुरान हिची बालपणीची चित्रपटसूची

फिलिपिन्सच्या युद्धपूर्व बोलपटांतली बालतारका तिता दुरान (मूळ नाव तेरेसिता दुरांगो) हिच्या कारकिर्दीची सूची करायची आहे. युद्धानंतरचा भाग सोपा आहे: साम्पागिता पिक्चर्स ही चित्रपटसंस्था, नायक पांचो मागालोना, पुढे त्याच्याशीच लग्न. रॅपर फ्रान्सिस मागालोना हा त्यांचा मुलगा. अडचण आहे ती १९४१ च्या आधीची.

त्या काळातले जेमतेम पाचेक कथापट आज पाहता येतात. त्यांपैकी ‘तुनाय ना इना’ (१९३९) मध्ये ती लहान मुलीच्या भूमिकेत आहे. त्या काळातले बाकीचे चित्रपट नष्ट झाले: सगळेच नायट्रेट फिल्मवर होते. दमट हवेत ती फिल्म चिकट होऊन कुजते, पेटलीच तर विझत नाही, आणि १९४५ च्या लढाईत मनिला शहरच बेचिराख झाले. (दादासाहेब फाळके यांच्या ‘कालिया मर्दन’ (१९१९) मधला त्यांच्या मुलीने, मंदाकिनीने, साकारलेला बालकृष्ण आपल्याला अजून पाहता येतो, हे नशीबच.)

म्हणून भिस्त नियतकालिकांतल्या चित्रपटांच्या जाहिरातींवर. त्यातही गोची अशी की मनिलातल्या पडद्यावरून उतरलेला चित्रपट नंतर प्रांतांत फिरायचा, त्यामुळे हाती लागलेली जाहिरात पहिल्या प्रदर्शनाची असेलच असे नाही. शिवाय लहान मुलांची नावे जाहिरातीत बहुधा गाळलेली.

तागालोग (फिलिपिन्समधली एक भाषा) वाचणारे कोणी आहे का? ‘लिवायवाय’ या तागालोग साप्ताहिकाचे १९३६ ते १९४१ चे अंक कुठल्या ग्रंथालयात स्कॅन करून मिळतात? अंकाची तारीख, पान आणि चित्रपटगृहाचे नाव तिन्ही दिसेल असा फोटो हवा. नुसते कात्रण तारखेअभावी निरुपयोगी ठरते.