दुसरा पंप, दुसरा फीडर दाखवला की रेझिलियन्स झालं का?

फर्मागुडीचा_पोरगा
शेवटच्या वर्षाचं प्रोजेक्ट पाण्याच्या पंपिंग स्टेशनवर घेतलंय. रिपोर्टात रेझिलियन्सचं, म्हणजे धक्का बसला तरी काम चालू ठेवायच्या ताकदीचं, प्रकरण हवं. दोन पंप, जनरेटर, दोन फीडर (वीज आणणाऱ्या लाइनी) दाखवून मोकळा झालो, तर सर म्हणाले, 'हे नुसतं डबल सामान.' मग आणखी काय दाखवू?

जंपरवाला
सर बरोबर बोलले. आधी जाऊन बघ, दोन्ही फीडर एकाच खांबांवरून येतात का. मे २०२१मध्ये तौक्ते चक्रीवादळ आलं तेव्हा आमच्या युनिटचं तेच झालं. कागदावर लाइनी दोन, रस्त्यावर खांबांची रांग एक. एक फणस आडवा झाला, दोन्ही गेल्या. जनरेटर होता, पण डिझेल आणायचा रस्ताही झाडांनी अडवलेला. एरिक होलनागेल वाच, रेझिलियन्स इंजिनिअरिंगवर लिहिणारा. प्रसंग निभावणं, नजर ठेवणं, पुढचं ओळखणं आणि झाल्यातून शिकणं, या चारही गोष्टी तो मागतो. तुझ्याकडे पहिलीच आहे, तीही अर्धी.

खाजनकार
पुस्तक वाच, पण एकदा खाजनातही ये, म्हणजे आमच्या गोव्यातल्या नदीकाठच्या, बांध घालून राखलेल्या शेतात. मानशीची, म्हणजे बांधातल्या पाण्याच्या वाटेची, दारं लाकडी. भरती चढली की नदीचं पाणीच त्यांना लोटून बंद करतं, ओहोटीला आतलं पाणी उघडतं. मोटर नाही, सेन्सर नाही. बांध चिखलाचा, त्याला खेकडे भोकं पाडणारच, हे बांधणाऱ्यांनी धरूनच ठेवलेलं. आत पेरायचं तेही कोरगुट, थोडंफार खारं सोसणारं भात.

आता गंमत बघ. दारं शाबूत, बियाणं चांगलं, तरी खाजनं पडीक पडतात. मानशीतल्या मासळीची पावणी होते, म्हणजे लिलाव. पावणी घेणाऱ्याला मासळी हवी, म्हणून काही ठिकाणी तो खारं पाणी हवं त्याहून जास्त आत घेतो. त्याला दोष देऊन काय उपयोग, त्याने पैसे मोजलेत. त्याला अडवायचं काम पूर्वी गांवकारीचं, म्हणजे गावाच्या जुन्या सामाईक संस्थेचं, होतं. बांधाला भोक दिसलं की लगेच चिखल मारायचा, हेही तिचंच. १९६४च्या कूळ कायद्यानंतर ही देखरेख कुळांच्या संघांकडे गेली. काही गावांत संघ जागे आहेत, काहींत सभेला माणूस मिळत नाही.

तेव्हा तुझ्या स्टेशनवर भोक आधी कोणाला दिसतं आणि वरच्याला न विचारता त्याला हात घालता येतो का, हे शोध.

फर्मागुडीचा_पोरगा
काका, ऑपरेटरला विचारलं. दुसरा पंप तो मधूनमधून चालवून बघतो, नाहीतर जाम होतो म्हणे. शेड्यूलमध्ये हे कुठेच नाही, त्याच्याच मनाने चाललंय. मार्चात रिटायर होतोय. रिपोर्टात घातलं तर त्याच्यावर शेकेल का?

खाजनकार
नाव घालू नकोस, 'ऑपरेटर' एवढं पुरे. आधी त्यालाही विचार. आणि कुठला व्हॉल्व्ह कधी अडतो, ते तो जायच्या आत त्याच्याकडून लिहून घे.