‘मोबी डिक’ला गाईड पुरे?

आडवाट: ‘देवमाशांची प्रकरणं गाळा, चांगलं गाईड वाचा, मोबी डिक झाली!’ तिरकसरावांचा हा कालचा सल्ला वाचून डोकं उठलं. अहो, पांढऱ्या देवमाशामागे लागलेल्या कप्तान अहाबची मेलव्हिलची कादंबरी ती! 135 प्रकरणांतलं 60वं घ्या. विषय काय, तर देवमाशावर फेकायच्या भाल्याचा दोर. टबात त्याची वेटोळी कशी बसवतात, तो वल्हवणाऱ्यांच्या भोवतीनं कसा फिरतो, एक पीळ राहिला तर सुटताना हात-पाय कसा उपटून नेतो. कंटाळवाणं? शेवटच्या प्रकरणात तोच दोर अहाबच्या मानेभोवती पडतो आणि ब्र काढायच्या आत अहाब होडीतून गायब. गाईडात याचं काय उरतं? ‘अहाब मरतो.’

तिरकस: दोर छान हो. तिथवर पोचतो कोण? नोकरी सांभाळून एमए केलंय, गाईड नसतं तर गचकलो असतो. आणि गाईडवाले लबाड नाहीत. क्लिफ हिलेगासनं 1958 मध्ये अमेरिकेत नेब्रास्कात क्लिफ्सनोट्स नावाची गाईडं काढली. ‘ही मूळ पुस्तकाऐवजी वापरू नका’ असं त्यांवर छापलेलं असायचं.

मास्तरीणबाई: तंबाखूच्या पुडीवरही छापतात! पेपर तपासते मी. ‘पांढरा रंग गूढतेचे प्रतीक आहे’, गठ्ठाभर तेच वाक्य, चुकीसकट. गोष्ट सांगणारा इश्माएल आख्खं 42वं प्रकरण त्या पांढऱ्याशी झटतो, तरी त्याचं समाधान होत नाही.

तिरकस: वर्गात गाईडच उतरवून देणारे तुमचेच भाऊबंद ना?

मास्तरीणबाई: तासिका तत्त्वावर (सीएचबी), म्हणजे तासागणिक मानधनावर, शिकवून बघा! मानधन कधी हातात येईल याचा पत्ता नसतो. त्यात एवढा ठोकळा ओळीनं वाचून घ्यायचा?

खारावारा: सीएचबीचं रडगाणं वेगळीकडे.

मास्तरीणबाई: का? गाईडं खपतात ती याच्यामुळेच. पूर्णवेळ जागा भरा, मग मुलांना नावं ठेवा.

जुनाबाजार: बाईंशी सहमत. आमच्याकडे निम्मा विभाग सीएचबीवर. बाकी, गाईड म्हणजे नुसता सारांश नव्हे. हेफर्ड-पार्कर या संपादकांची 1967ची नॉर्टन आवृत्ती बघा, मूळ कादंबरी टिपांसकट. ऑक्टोबर 1851 मध्ये लंडनला पुस्तक आधी निघालं, तेही इश्माएल वाचल्याचं सांगणाऱ्या उपसंहाराविना. तिथले समीक्षक विचारत बसले, सगळे बुडाले तर सांगतोय कोण? हे कळायला जाणकाराची टीपच लागते.

आडवाट: टिपांना विरोध केलाय कोणी? त्या पुस्तकाबरोबर येतात, त्याच्या जागी नाही. नॉर्टन घ्या, खुशाल घ्या.

तिरकस: बरं महाराज, 60वं वाचतो. बाकीचे देवमासे तुम्हालाच लखलाभ.

मास्तरीणबाई: मानधनावर एकटे जुनाबाजार बोलले. अपेक्षितच.